उजव्या खिशाचा शर्ट

"आले! आले! हात जोडा!" जाडा शिष्य दारातून ओरडला आणि बैठकीच्या खोलीत दाटीवाटीने बसलेली माणसं गुडघ्यांवर पुढे सरकली. मखमली कापडावर ठेवलेल्या डिजिटल फोटोफ्रेमचा पडदा क्षणभर काळा झाला, आणि मग ढगांच्या मधोमध उभे असलेले टेलरमास्तर दिसले. गल्लीतल्या दोन पिढ्यांना कपडे शिवून देणारे, वर्षापूर्वी वारलेले टेलरमास्तर! शेजारच्या काकू हुंदके देऊन रडायला लागल्या. भगवी शाल पांघरलेल्या दुवामहाराजांनी डोळे मिटून मान हलवली, जणू फोटो त्यांच्याच पोटातून निघाला होता. हे गृहस्थ म्हणे जिवंत आणि मेलेल्यांमधला दुवा होते.

दारात बॅग घेऊन उभ्या असलेल्या थोरलीला रडू आलं नाही. तिला वास आला. अत्तराचा भपकारा, आणि त्याखाली काहीतरी कुजत असल्याचा वास.

थोरली म्हणजे टेलरमास्तरांची, तिच्या अण्णांची, मोठी मुलगी. दुसऱ्या गावात शाळेत विज्ञान शिकवायची. ही फ्रेम तिनेच आईला दिली होती. फोनवरच्या ॲपमधून ती नातवंडांचे फोटो पाठवायची, ते इकडे आपोआप दिसायचे. पण काही दिवसांपासून ॲपने एकच पालुपद लावलं होतं: 'या फ्रेमला फोटो पाठवण्याची तुम्हाला परवानगी नाही.' तिने ॲप काढून पुन्हा टाकलं, फोन बंद करून चालू केला, कंपनीच्या मदतवाल्यांशी हुज्जत घातली. शेवटी भावाला विचारलं, तर तो गंभीर आवाजात म्हणाला, "ताई, ती फ्रेम आता आपल्या हातातली राहिली नाही." तेव्हा मात्र ती उठून थेट घरीच आली.

आई खुर्चीत बसली होती, पाय स्टुलावर. पायावरचं फडकं पिवळं पडलं होतं. थोरलीने ते सोडलं. अंगठा काळा पडला होता. आईला साखरेचा आजार, जखम चिघळलेली. डॉक्टरांनी अंगठा काढायला सांगितलाय, असं भावाने मागे फोनवर म्हटलं होतं. झालंच असेल, असं ती धरून चालली होती.

"आई, तू ऑपरेशन केलं नाहीस?"

"ह्यांनी नको म्हटलंय गं."

"अण्णांनी? कधी?"

उत्तर दुवामहाराजांनी दिलं. "फोटोत हात वर केलाय, बघ ना बाळ. म्हणजे थांब! देहाला लोखंड लावू नको, अखंड ये. तुटक्या देहाला वरचं दार उघडत नाही." एवढं बोलून त्यांनी कुपी काढली आणि जखमेवर अत्तर शिंपडलं. आई कळवळली, तरी तिने हात जोडलेच.

थोरलीला किळस आली, ती त्या पायाची नव्हे. वर केलेला तो हात तिच्या चांगल्या ओळखीचा होता. माप घेताना गिऱ्हाइकाला 'असा हात करा' म्हणून अण्णा दाखवायचे, तो हात, फक्त उजव्याचा डावा झालेला.

भावाला तिने स्वयंपाकघरात ओढलं. "फ्रेम कुणाच्या हातात दिली होतीस?"

"महाराजांनी शुद्ध करायला नेली होती. आणि अण्णांचे जुने फोटो मागून घेतले, ओळख पटायला."

"ओळख पटायला? वर गेल्यावर अण्णांना स्वतःचा चेहरा आठवेना का?"

भाऊ चुळबुळला. "तू सगळ्याची चेष्टा करतेस. आईला बरं वाटतं त्याने."

"आईचा पाय सडतोय, गाढवा!"

ती तरातरा बाहेर आली आणि सरळ फ्रेमवर बोट ठेवलं. "स्पर्श नको! कोप होईल!" महाराज किंचाळले. कोप झाला नाही, मेन्यू उघडला. तिने आधी जोडलेले सगळे फोन काढून टाकले, 'नवा फोन जोडा' दाबलं, पडद्यावर आलेला आकडा आपल्या फोनमध्ये टाकला. ज्याच्या हाती फ्रेम लागेल त्याला एवढं जमतं. महाराजांना जमलं, यात दैवी काही नव्हतं.

"हं, महाराज, आता बोलवा अण्णांना."

महाराजांनी डोळे मिटले, पुटपुटले, घामाघूम झाले. दारातला शिष्य शर्टाच्या आडोशाने फोनशी झटापट करत होता. सगळी खोली श्वास रोखून बसलेली, आणि तो बिचारा रडकुंडीला येऊन मोठ्याने बोलून गेला, "महाराज, परवानगी नाही म्हणतंय!"

सगळ्या माना दाराकडे वळल्या. थोरलीने तेवढ्यात महाराजांचा एक फोटो काढला, अण्णांच्या फोटोसारखाच एका बटणाने उलटा केला, मागे ढग टाकले आणि पाठवला. फ्रेम काळी झाली, आणि ढगांत उभे असलेले दुवामहाराज प्रकटले. डाव्या गालावरचा मस उजव्या गालावर.

"अरेरे, महाराज गेले की काय?" मागून कुणीतरी म्हणालं आणि खोलीत हशा पिकला.

आई हसली नाही. ती कधी महाराजांच्या गालाकडे, कधी फ्रेमकडे बघत होती. "म्हणजे जुना फोटो असा उलटा करून नवा म्हणून दाखवता येतो," ती हळूच म्हणाली. "तुझ्या अण्णांच्या फोटोतल्या शर्टाचा खिसा डावीकडे नाही, उजवीकडे होता. जन्मभर शिंपीकाम केलेला माणूस. असा शर्ट ह्यांनी गिऱ्हाइकालासुद्धा शिवून दिला नसता."

"तुला दिसलं होतं, आई?"

"पहिल्याच दिवशी दिसलं. विचारलं, तर महाराज म्हणाले, परलोकात सगळं आरशासारखं असतं." तिच्या डोळ्यांतून पाणी वाहू लागलं. "पण ते आलेत म्हटल्यावर खिसा कोण बघत बसतं गं?"

महाराज शाल सावरत मागच्या दाराने पसार झाले. अडवायला कुणी उठलं नाही. ज्याला त्याला आपली मान खाली घालायची घाई होती. भावाने मात्र आईला पाठुंगळी घेतलं आणि रिक्षा मिळेपर्यंत थांबला नाही.

अंगठा गेला, शेजारची दोन बोटंही गेली. सर्जन हातमोजे काढता काढता एवढंच म्हणाले, "सांगितलं तेव्हा आला असतात, तर अंगठ्यावर भागलं असतं." भाऊ तिथेच भिंतीला टेकून रडला. दुवामहाराज दुसऱ्या गावी दुकान मांडून बसलेत, असं कानावर येतं. तिथेही कुणाची तरी आई असेलच.

फ्रेम आता आईच्या उशाशी असते, नातवंडांचे फोटो येतात. बघायला येणाऱ्यांपैकी एखादी बाई अजूनही दबक्या आवाजात विचारते, "पण खरंच काही दिसलं नव्हतं का हो?" थोरली तिला न चिडता सांगते: फोटो कुणाच्या तरी फोनमधून येतो, जखम कशाने तरी चिघळते. कुणाच्या आणि कशाने, एवढं विचारा. विचारल्याने गेलेल्या माणसाचा अपमान होत नाही. आम्ही विचारलं नाही, तर असलेल्या माणसाची तीन बोटं गेली.