वैशाखातला पाऊस

मैनुद्दीन तांबोळी संपादक होते तेव्हा त्यांनी कचेरीत आवाज चढवला, की स्वारगेटवर रेंगाळलेली एस.टी. वेळेवर सुटायची. सदाशिव पेठेत अजून हे शपथेवर सांगतात. निवृत्तीनंतर तोच आवाज टीव्हीच्या माहितीपटांना लागला. पडद्यावर धरण असो की डास, तांबोळी बोलू लागले की माणसं घास हातात धरून बसायची.

त्या दिवशी स्टुडिओत मात्र त्यांनी संहिता टेबलावर आपटली. माहितीपट वारज्याच्या भरभराटीचा. त्यात एक वाक्य होतं: 'अतिवृष्टीमुळे गोदामाची भिंत कोसळून काही मजूर दगावले.'

"अतिवृष्टी? श्यामसुंदर, भिंत ऐन वैशाखात पडली! मी तिथं उभा होतो, डोळ्यांत धूळ गेली माझ्या. सिमेंटच्या जागी माती होती, हे मी पहिल्या पानावर छापलंय."

"सर, फिल्मला पैसे त्याच ठेकेदाराचे आहेत," निर्माता श्यामसुंदर पुटपुटला. "एकच तर वाक्य."

"तुळजाबाईचा नवरा त्या भिंतीखाली गेला. तिला माझ्या तोंडून पाऊस ऐकवू?"

तांबोळींनी बाकी सगळं वाचलं. त्या वाक्यापाशी ओठ घट्ट मिटले. "आणीबाणीत मजकूर कापला की आम्ही जागा कोरी सोडायचो. ही घ्या कोरी जागा."

"मग दुसऱ्याचा आवाज भरावा लागेल, सर."

"भरा! आणि पाऊसही त्यालाच पाडायला सांगा."

घरी पत्नी नसीमबानूंनी पाण्याचा तांब्या पुढं केला. "पावसाचं नाही ना?" ते गुरगुरले.

प्रक्षेपणाच्या दिवशी तुळजाबाई त्यांच्याकडेच टीव्ही बघायला आली. आपली वस्ती दिसणार म्हणून नवं लुगडं नेसून. तांबोळी मुठी आवळून बसले. त्यांचा घनगंभीर आवाज चालू होता, आणि मध्येच कुणा पोरगेल्या गळ्यानं ते वाक्य म्हटलं. पुन्हा तांबोळी.

तुळजाबाई ताठ झाली. "साहेब, हे मधलं तुमी न्हाय बोललात."

"नाही."

"म्हंजे खोटं हाय."

हे एकट्या तिलाच कळलं असं नाही. साऱ्या पुण्याच्या कानाला ते वाक्य खड्यासारखं लागलं. तांबोळींनी गिळलेलं एवढं काय होतं, म्हणून लोकांनी वाचनालयांतून जुने अंक उपसले. ऐन उन्हात ठेकेदाराच्या फाटकावर मोडक्या छत्र्या लटकू लागल्या. इतक्या, की फाटक उघडेना आणि मालकाला कुंपणावरून उडी मारून घरात शिरावं लागलं म्हणतात.

पहिली छत्री तुळजाबाईची. दुसरी तांबोळींची, चांगली नवी कोरी. नसीमबानू म्हणाल्या, "अहो, मोडकी तरी न्यायची!"

"मोडली असती," ते म्हणाले, "पण तो ठेकेदार फाटकात आलाच नाही."