यादीतलं खोटं प्लास्टिक

मी शिकवते त्या कॉलेजात कोणत्या कामाला कोणतं मटेरियल घ्यावं हे मुलं एका सॉफ्टवेअरवर शिकतात. ताण, वजन, किंमत भरली की पडद्यावरून एकेक नाव गळत जातं आणि शेवटी दोन-तीन उरतात. बाळंतपणाच्या रजेआधी मी त्यात एक सापळा लावला होता. एका साध्या प्लास्टिकची ताकद मुद्दाम चौपट लिहिली. पुस्तकाशी ताडून न बघणारा नेमका त्यातच अडकावा म्हणून. रजेवरून परतले तेव्हा लेक रात्र-रात्र जागवायची. सापळा काढायचा राहूनच गेला.

आज दुपारी माझा एक विद्यार्थी, 'झटपट', आला. वर्गात सगळे त्याला याच नावाने हाक मारतात.

"मॅडम, प्रोजेक्ट मार्गी लागलं. तुमच्या पिल्लूच्या पाळणाघरात सकाळीच झोपाळा टांगला."

"हुक कशाचे केलेस?"

त्याने त्याच प्लास्टिकचं नाव घेतलं. "यादीत पहिलं आलं ना."

"पुस्तक उघडून पाहिलंस?"

"तुम्ही भरलेली यादी, मॅडम. वर पुस्तक कशाला?"

मी तिथे फोन लावला. पाळणाघराचा फोन नुसता वाजत राहिला. दोन गल्ल्या मी चपला हातात घेऊन पळाले.

झोपाळ्यावर तिघं होती. मधे माझी लेक, दीड वर्षाची, दोरीला गच्च धरून. पाळणाघरातल्या मावशी मागून झोका देत होत्या. ओरडावंसं वाटलं, पण त्या दचकून हिसका देतील या भीतीने आवाज घशातच ठेवला.

"मावशी, हळूहळू थांबवा. धक्का नको."

"अहो, तुमच्याच पोरांनी केलाय, आणि तुम्हीच घाबरता?"

पण त्यांनी थांबवला. मी फळी खालून तोलून धरली आणि त्यांनी एकेकाला उतरवलं. लेक शेवटी. तिला कडेवर घेऊन वर पाहिलं. हुकाच्या वाकावर, नखाने ओढावी तशी, पांढरी रेघ उमटली होती. प्लास्टिक तुटण्याआधी असंच पांढरं पडतं.

झटपट धापा टाकत मागोमाग आला. वर बघून त्याचा चेहरा उतरला.

"चूक माझी आहे," मी म्हटलं. "आणखी कुठे बसवलेत?"

"अजून दोन पाळणाघरांत. एक नाक्यापलीकडचं."

"तिथे पळ. दुसऱ्याचा नंबर दे."

या वेळी फोन लगेच उचलला गेला. "झोपाळ्यावर आत्ता कुणी आहे?" मी विचारलं.

"थांबा हं, बघून सांगते," पलीकडच्या बाई म्हणाल्या. त्यांनी फोन तसाच ठेवला. मला मुलांचं खिदळणं ऐकू येत होतं.