एका सीडीत बसवलेला गेम

मुलुंडच्या सुयोग राणेचं सोवळं भारी कडक. बंद पडलेल्या कन्सोलचे जुने गेम आजच्या कॉम्प्युटरवर चालावेत म्हणून त्याने घरीच एक टूल लिहिलं होतं आणि फुकट वाटलंही होतं. अट एकच, डिस्क अस्सल हवी. "अस्सल असेल तर जतन, नाहीतर चोरी," हे तो इतक्यांदा ऐकवायचा की बायको स्वयंपाकघरातून वाक्य पूर्ण करायची.

घाटकोपरची सपना आली ती स्केचपेनने नाव लिहिलेली पांढरी सीडी घेऊन. ताकाला जाऊन भांडं लपवणं तिच्या स्वभावात नव्हतं.

"चोरीचीच आहे, दादा. हा गेम बनवणारी कंपनी बंद पडली, अस्सल कुठे मिळेना. माझे बाबा अंधेरीला त्या कंपनीच्या गेटवर वॉचमन होते. ह्या रिक्षाच्या गेममध्ये जो वॉचमन आहे ना, त्याला बाबांचाच आवाज दिलाय. 'ए, हॉर्न नको, साहेब झोपलेत!' बाबा मार्चमध्ये गेले. त्यांचा आवाज दुसरीकडे कुठेच नाही ओ."

सुयोगचं सोवळं सुटलं. त्याने सीडी सरकवली, टूल चालवलं. गेम झकास सुरू झाला. सपनाने रिक्षा धडपडत गेटपर्यंत नेली. वॉचमन पुढे आला, हात वर केला, त्याचं तोंड हललं. आवाज आला नाही.

तिने स्पीकर वाढवला आणि रिक्षा पुन्हा नेली. हॉर्नने खोली दणाणली, वॉचमन मुकाच.

सुयोगने सीडीतल्या फायली उघडल्या. बोलण्याच्या सगळ्या फायली रिकाम्या, आणि शेजारी एक चिठ्ठी: 'एका सीडीत बसवला. बोलणं काढलंय, गाडी तशीच पळते. मुलुंडचा सुयोग्या.' कॉलेजात असताना असे कितीतरी गेम त्याने कापून वाटले होते, आणि वर कॉलर ताठ करून हिंडला होता. आता त्याला शरमेने मान वर करवेना.

"तुमच्या टूलमध्ये गडबड आहे का?" सपनाने विचारलं.

हो म्हटलं असतं तर ती उठून गेली असती. ते 'हो' त्याच्या ओठांपर्यंत आलंही होतं.

"टूल ठीक आहे, ताई. आवाज मी काढला. तेव्हा. जागा पुरत नव्हती म्हणून."

सपना रागावली नाही. तिने त्याच्या खोलीभर नजर फिरवली, नावं लिहून ओळीने लावलेल्या डिस्कांवरून, कपाटावरून, ड्रॉवरवरून.

"मग ठेवलात कुठे?" तिने विचारलं.