संसार म्हणजे जग

सुखदेवच्या बायकोला, यमुनाला, जाऊन वर्ष होत आलं. वर्षाच्या प्रार्थनेला बायबलमधलं कोणतं वाचन घ्यायचं, ते फादर पवननी सुखदेववरच सोडलं.

"तुम्हीच निवडा, खंडागळेजी. आंटींना आवडायचं ते."

"योहान, तिसरा अध्याय," सुखदेव लगेच म्हणाला.

फादरनी मान डोलावली. त्यांना वाटलं, बाईंचं ते लाडकं वाचन असणार. खरं तर ते यमुनाला आवडायचं की नाही, हे सुखदेवला ठाऊकच नव्हतं. त्याला एवढंच ठाऊक होतं, की त्या वाचनावर ती एकदा बोलायला लागली होती आणि तिचं वाक्य अर्ध्यावर राहिलं होतं. ते उरलेलं अर्धं त्याला हवं होतं. गेले काही महिने रोज सकाळी चहा ठेवला की ते अर्धं वाक्य त्याच्यासमोर येऊन उभं राहायचं.

सुखदेव खंडागळे मूळचा संगमनेरकडचा. रेल्वेत फिटर होता. बदली होऊन जयपूरला आला, खातीपुऱ्यात घर केलं आणि निवृत्त झाल्यावरही इथेच राहिला. वडील गावच्या चर्चमध्ये मास्तर होते, मुलांना धर्मशिक्षण द्यायचे. त्यामुळे बायबलमधलं आपल्याला कळतं, असा त्याचा लहानपणापासून समज होता. वाचलं मात्र फारसं नव्हतं. कॅथलिकांच्या घरात बायबल असतं ते क्रुसाखालच्या फळीवर, धुतलेल्या कापडात. ऐकायचं ते मिस्सेत, म्हणजे चर्चमधल्या रविवारच्या उपासनेत, आणि अर्थ सांगायचा तो फादरनी. कारखान्यात हणमंत म्हणून एक दुसऱ्या चर्चचा सोबती होता, तो चिडवायचा, "तुमचं बायबल फादरच्या खिशात, आमचं आमच्या हातात." सुखदेव म्हणायचा, "औषधाचं दुकान हातात आलं म्हणून कुणी डॉक्टर होत नाही, हणमंता."

जयपूरला मिस्सा हिंदीत. सुखदेवने हिंदी नेटाने शिकून घेतली आणि दोन-तीन वर्षांत वेदीजवळ उभा राहून वाचू लागला. केरळचे, झारखंडचे, बांसवाड्याचे लोक समोर बसलेले असायचे आणि हा नगरकडचा गडी शुद्ध हिंदीत वाचायचा. वाचून खाली आला की त्याची छाती बोटभर पुढे असायची. यमुनाला ते दिसायचं. ती पदराआड हसायची.

तिची हिंदी शेवटपर्यंत मोडकीच राहिली. आल्याआल्याची गोष्ट. मिस्सेत वाचलं गेलं, की येशू डोंगरावर चढले, बसले आणि लोकांना 'शिक्षा देने लगे'. घरी येताना यमुना गप्प. चपला काढता काढता म्हणाली, "अहो, डोंगरावर नेऊन शिक्षा? काय केलं व्हतं त्या लोकांनी?"

सुखदेव हसता हसता खाली बसला. "अगं, हिंदीत शिक्षा म्हणजे शिकवण!"

"मंग आमच्या शाळंतल्या बाईंचं बरोबरच व्हतं की," ती म्हणाली. "त्यांचंबी शिकवनं आन् शिक्षा एकच व्हती."

मग दोघंही हसत राहिली. हे हसणं घरातलं होतं. त्यात कुणाला काही टोचलं नाही.

दुसरं हसणं लिसीच्या घरी झालं. लिसी शेजारची नर्स, केरळची. गल्लीतली सात-आठ कॅथलिक घरं महिन्यातून एकदा कुणा एकाकडे जमायची, अजूनही जमतात. मेणबत्ती लावायची, शुभवर्तमानातला एक उतारा मोठ्याने वाचायचा, मग गप्प बसायचं. ज्याला जो शब्द लागला तो त्याने नुसता उच्चारायचा. परत वाचायचं, परत गप्प. मग एकेकाने सांगायचं, तोच शब्द का लागला. नियम एकच. दुसरा बोलत असताना मध्ये बोलायचं नाही, त्याला सुधारायचं नाही.

त्या दिवशी योहानाचा तिसरा अध्याय होता. ईश्वराने संसारावर एवढं प्रेम केलं की आपला एकुलता एक पुत्र दिला, असं त्यात हिंदीत आहे. शब्द सांगायची वेळ आली तेव्हा कुणी 'प्यार' म्हणालं, कुणी 'पुत्र'. यमुना म्हणाली, "संसार." हळू, पण अगदी स्पष्ट. एरवी ती दुसऱ्याचाच शब्द उचलायची. या वेळी तिने स्वतःचा काढला होता.

मग तिची सांगायची पाळी आली. ती जरा पुढे सरकून बसली. हात हलवत म्हणाली, "मेरेको बहुत अच्छा लगा। देव को संसार इतना प्यारा। मतलब चूल्हा, बर्तन, नवरा, लडकी, सब। मैं भाकरी थापती ना, तब..."

"अगं, संसार म्हणजे जग!" सुखदेव मध्येच बोलला. मग सगळ्यांकडे वळून हिंदीत म्हणाला, "मराठी में संसार मतलब घर-गृहस्थी। इसको लगा, भगवान बर्तनों से प्यार करता है।"

सगळे हसले. वाईट हसले नाहीत, भली माणसं होती. मयूरी, त्यांची मुलगी, तेव्हा बारावीला होती, तीही हसली. यमुनाही हसली. "हां, हां, दुनिया," म्हणाली आणि चहाला लिसीच्या मागे आत गेली. सुखदेवला वाटलं, बरं झालं वेळीच सांगितलं, नाहीतर लोक काय म्हणाले असते.

त्यानंतरही ती दर महिन्याला यायची. पण पाळी आली की हात जोडून "आगे" म्हणायची, म्हणजे पुढच्याने बोलावं. सुखदेव समजला, हिला बोलायची आवड नाही. इतकी वर्षं तो तेच समजत राहिला.

ती गेल्यावर तो स्वतः भाकरी करायला शिकला. बाजरी जयपुरात चांगली मिळते. पहिल्या भाकऱ्या काठाला फाटायच्या, तव्यावर पडताना दुमडायच्या. एका सकाळी थापता थापता त्याचा हात थांबला. यमुना पीठ मळून झालं की गोळ्यावर अंगठ्याने बारीक क्रूस काढायची, हे त्याला आठवलं. सारा जन्म पाहिलं होतं, कधी विचारलं नव्हतं. आणि त्याच्यामागून ते वाक्य आलं. मैं भाकरी थापती ना, तब. तब काय?

त्याने मयूरीला फोन केला. ती जयपुरातच, राजा पार्कला असते, नोकरी करते.

"पप्पा, मला तर एवढंच आठवतं, तुम्ही जोक मारला होता," ती म्हणाली. "मतलब, सगळे हसले होते ना?"

"आई नंतर काही बोलली तुला?"

"नाही. का, पप्पा?"

"काही नाही. जेवलीस का?"

मग तो लिसीकडे गेला. यमुना त्या दिवशी तिच्याच स्वयंपाकघरात गेली होती. लिसी बराच वेळ आठवत राहिली. शेवटी म्हणाली, "भैया, वो बोली, लिसी, चाय में शक्कर कितना?"

"और?"

"और अदरक पूछा।" लिसीला त्याचा चेहरा बघवेना. "सच में, और कुछ नहीं बोली।"

राहिले फादर. फादर पवन डामोर बांसवाड्याचे, तरुण, त्या वेळी इथे नव्हते. चर्चच्या आवारात ते पाण्याची टाकी धुणाऱ्या टाकीवाल्याची वाट बघत उभे होते, तिथेच सुखदेवने त्यांना सगळं सांगितलं. शेवटी विचारलं, "फादर, ती बरोबर होती ना?" त्याला हो हवं होतं.

फादर म्हणाले, "नाही. शब्द तिचा चुकला होता. तिथे जगच म्हटलंय. आधी शब्द काय म्हणतो ते नीट बघायचं, चर्च आपल्याला हेच शिकवते. ते तुम्हाला माहीत होतं."

सुखदेव निघायला वळला.

"पण तो शब्द आपल्याला, आज, आपल्या घरात काय म्हणतो, तेही बघायचं असतं. पहिल्याशिवाय दुसरं अधांतरी आणि दुसऱ्याशिवाय पहिलं कोरडं. पहिलं तुमच्याकडे होतं. दुसरं तिला सापडलं होतं. आणि खरं सांगा, अंकलजी. तुम्ही तिला शब्द चुकला म्हणून थांबवलंत, की लोक बघत होते म्हणून?"

तेवढ्यात टाकीवाला आला. फादर तिकडे गेले. उत्तर त्यांनी मागितलंही नाही.

वर्षाच्या प्रार्थनेला दुपारी घर भरलं. मयूरीने कचोऱ्या आणल्या होत्या. यमुनाच्या फोटोसमोर मेणबत्ती लावली. वाचन सुखदेवने स्वतः केलं. त्याच शुद्ध हिंदीत, पण आवाज पूर्वीसारखा खणखणीत नव्हता. मग सगळे गप्प बसले. शब्द सांगायची वेळ आली तेव्हा तो म्हणाला, "संसार." मयूरीने मान वर करून त्याच्याकडे पाहिलं.

परत वाचन झालं. एकेक जण बोलला. सुखदेवची पाळी आली. तो जरा पुढे सरकून बसला. आपण तिच्यासारखे बसलो आहोत, हे त्याला बसल्यावर कळलं.

"देव को संसार इतना प्यारा," तो म्हणाला. "मतलब चूल्हा, बर्तन, नवरा, लडकी, सब।"

कोपऱ्यात विजय बसला होता, गल्लीत नवीन आलेला, हुशार मुलगा. तो सौम्यपणे म्हणाला, "अंकलजी, यहाँ संसार का अर्थ तो..."

"भैया, बीच में नहीं," मयूरी म्हणाली. आवाज चढवला नाही, पण विजय थांबला.

"मैं भाकरी थापती ना, तब..." सुखदेव म्हणाला आणि थांबला. चुकून थापती म्हणाला होता, थापता नाही. कुणी हसलं नाही. सगळे वाट बघत होते. बाहेर कुणीतरी भंगारवाला ओरडत गेला, त्याचा आवाज गल्लीच्या टोकापर्यंत ऐकू आला. सुखदेव तिच्या फोटोकडे बघत होता. पुढचं येईल असं त्याला खरोखर वाटलं होतं. वर्षभर तोही भाकरी थापत होता. पण त्याच्याकडे जे होतं ते त्याचं होतं, तिचं नव्हतं. तिचं तिच्याबरोबर गेलं होतं.

शेजारून लिसीने हळूच विचारलं, "आगे, भैया?"

त्याने नाही म्हणून मान हलवली.

एवढंच त्याने यमुनाला विचारायचं होतं त्या दिवशी. पुढे? अवघड शब्द नव्हता तो. हिंदीतही नाही आणि मराठीतही नाही.