नैर्ऋत्येचा पाय

क्रेनच्या चारही पायांखालची जमीन खणून पाहिली, चारही ठिकाणी कातळ लागला, असं मी नोंदवहीत लिहून खाली सही केली होती. खरं तर मी दोनच ठिकाणी खणलं होतं.

दोन हजार एक सालचा मार्च होता. रत्नागिरीबाहेरच्या सड्यावर, कातळाच्या उघड्या माळावर, आंब्याच्या रसाचा कारखाना उभा राहत होता. त्याची अकरा टनांची पोलादी टाकी क्रेनने उचलून शेडच्या मागच्या उंच लोखंडी मचाणावर बसवायची होती. अशा उचलणीचं नियोजन माझ्याकडे असे. क्रेन कुठे उभी करायची, दोर कुठले लावायचे, ओझं कोणत्या वाटेने फिरवायचं, कुणी कुठे थांबायचं हे आधी कागदावर मांडायचं, आणि त्या दिवशी उभं राहून तसंच होतंय ना ते पाहायचं. कागदाचा भाग मला बरा जमे. माणसांत उभं राहून चार शब्द मोठ्याने बोलायचे, तिथे माझी अडचण होई.

ओझं उचलताना क्रेन चाकांवर उभी नसते. दोन्ही बाजूंना चार लोखंडी पाय पसरते आणि त्यांवर स्वतःला तोलते. ओझं ज्या बाजूला फिरेल त्या बाजूच्या पायावर तीस-पस्तीस टनांचा भार येतो. म्हणून प्रत्येक पायाखाली खणून बघायचं असतं. टाकी जिथून उचलायची होती त्या बाजूच्या दोन जागा मी खणून घेतल्या. हातभर खाली जांभा कातळ लागला, पहार खणखणली. शेडच्या बाजूच्या दोन जागांवर मात्र सळयांचा ढीग होता. तो हलवा, असं साइटचे साहेब सलिल देसाई यांना सांगायला मी दोनदा त्यांच्या केबिनच्या दारापर्यंत गेलो आणि दोन्ही वेळा परत आलो.

त्याला कारण होतं. जानेवारीत वारा वाढेल म्हणून मी एक उचल थांबवली होती, आणि मग दिवसभर झाडाचं पान हललं नव्हतं. तेव्हापासून देसाई मला बघितलं की म्हणत, "काय काका, आज वारा काय म्हणतोय?" माझ्यापेक्षा वीस-बावीस वर्षांनी लहान माणूस, हसत म्हणे, आणि भोवतालचेही हसत. सड्यावर कातळाखेरीज दुसरं काय असणार, अशी मी मनाची समजूत घातली आणि वहीत चार लिहिलं. आदल्या संध्याकाळी सळया हलल्या. खालची जमीन तांबडी, टणक, भोवतालच्या कातळासारखीच दिसली. मी चपलेच्या टाचेने ठोकून पाहिलं आणि घरी गेलो.

क्रेन मुंबईहून एका दिवसापुरती आली होती. सकाळी आठ वाजता तिच्या हुकाला हार घातला. नारळ फोडण्याआधी गाऱ्हाणं घालायला आमचे राखणदार रावजी पुढे झाले. सड्याखालच्या वाडीतले, सत्तरीला टेकलेले. डोक्यावरची टोपी नीट करून त्यांनी हात जोडले.

"हे बा सड्याच्या म्हाराजा! वाटेवरच्या, पऱ्ह्यावरच्या, जुन्या खाणीत बसलेल्या राखणदारा! आज ही लेकरां तुझ्या अंगावर येवढा जड वझा उभा करतायत. काय चुकला-माकला असंल तर पदरात घे, आनि कुनाच्या हातापायाला धक्का न लागता काम पार पाड रे म्हाराजा!"

"होय म्हाराजा!" सगळे म्हणाले. मीही म्हणालो. पण 'जुन्या खाणीत' हे शब्द माझ्या कानात राहिले. या जागेत खाण कुठे होती? असेल रस्त्यापलीकडे. विचारावं का? नारळ फुटला, खोबरं वाटलं गेलं, आणि देसाई घड्याळाकडे बघत म्हणाले, "चला, देव झाला, आता दानव उचला."

ओझी उचलणाऱ्या खलाशांचा मुकादम शिवा खुणा करायला पुढे उभा राहिला. क्रेन चालवणारा हरिश्चंद्र राजापूरचा, फार बोलत नसे, नजर फक्त शिवाच्या हातांवर. मचाणावर टाकी धरून जागी बसवायला दोन खलाशी चढले होते. त्यांतला एक शिवाचा धाकटा भाऊ रामा. तो वरून ओरडला, "दादा, खोबरं ठेव रे माझ्या वाटचं!"

"आधी टाकी दे, मग खोबरं घे," शिवा म्हणाला आणि अंगठा वर करून उचलायची हाक दिली. "हापीस!"

दोर ताणले गेले. टाकी जमिनीवरून वीतभर उचलली गेली आणि थांबली. माझ्याच कागदात लिहिलं होतं: वीतभर उचलून पाच मिनिटं थांबायचं, पायांकडे बघायचं. सगळे बघत होते. पाय तसूभरही हलले नाहीत.

"बघा काका, दगड आहे दगड," देसाई म्हणाले.

आणि तेव्हा माझ्या लक्षात आलं. ओझं या बाजूला होतं. भार होता तो मी खणून पाहिलेल्या दोन पायांवर. दुसऱ्या दोन पायांची परीक्षा अजून व्हायचीच होती, आणि ती टाकी हवेत उंच फिरल्यावर, रामाच्या डोक्यावर आल्यावर होणार होती.

मी रावजींपाशी गेलो. ते फुटलेल्या नारळाच्या करवंट्या गोळा करत होते.

"रावजी, जुनी खाण म्हणालात, ती कुठली?"

"चिरेखाण ती. माजा बापूस थयं चिरे काढी."

"पण कुठे?"

त्यांनी करवंटी धरलेला हात सरळ शेडच्या दिशेने केला. "ही काय. तुमच्या गाडीचा तो पल्याडचा पाय हाय ना, त्याच्याच आसपास. पाण्यात गुरं पडाय लागली म्हणून भुगा टाकून बुजवलान. पन्नास वर्सां झाली असतील."

"नक्की तिथेच?"

"आता नक्की म्हणजे... तवा हयं शेड कुठं होती?"

मागे शिवाचा आवाज आला, "हापीस! हापीस!" पाच मिनिटं संपली होती. टाकी डोक्याच्या वर गेली होती आणि क्रेनचा लांब हात शेडकडे वळायला लागला होता.

थांबा, असं मला ओरडायचं होतं. आवाज फुटला तो माझा मलाच ऐकू आला नाही. नुसत्या 'आसपास'वर थांबवायचं? आणि खाली कातळ निघाला तर? हे सगळं त्या दोन-तीन सेकंदांत माझ्या मनात आलं, आणि त्याची मला अजून लाज वाटते. मग मी हातातली वही टाकली, हरिश्चंद्रला दिसेन अशा जागी धावलो आणि दोन्ही हात आडवे पसरून उभा राहिलो.

क्रेन थांबली. टाकी वर हेलकावे खात राहिली. शिवाने टाकीला बांधलेली दोरी खालून धरणाऱ्यांना शिव्या घालत ती शांत केली.

देसाई तरातरा आले. "काय झालं? वारा?"

"शेडकडच्या पायाखाली जुनी खाण आहे. बुजवलेली."

"कोण म्हणतं?"

"रावजी."

"रावजी!" ते हसले. "काका, आता राखणदार आपल्याला इंजिनियरिंग शिकवणार? तुमच्याच वहीत लिहिलंय, चारही ठिकाणी कातळ. तुमची सही आहे. मग आज खाण कुठून आली?"

शिवा माझ्याकडे बघत होता. केबिनच्या काचेतून हरिश्चंद्र बघत होता. मचाणावर रामा कठड्याला रेलून उभा होता. त्याला खालचं काही ऐकू येत नव्हतं.

"दोनच खणले होते," मी म्हणालो. "शेडकडचे दोन खणले नाहीत."

 देसायांच्या चेहऱ्यावरचं हसू तसंच राहिलं, पण त्यात आता काही उरलं नव्हतं. शिवाने माझ्याकडे पाठ केली, तळहात खाली केला आणि अगदी सावकाश उतरवायची हाक दिली, "आरिया. आरिया. हळू." टाकी आली तशी परत वळली आणि जमिनीवर टेकली. मग त्याने मान वर करून हाक मारली, "रामा, खाली ये."

क्रेनचे पाय आवरले. रावजींनी दाखवलेल्या, शेडकडच्या नैर्ऋत्येच्या पायाची लोखंडी थाळी सरकवली. शिवाने पहार घेतली. पहिला घाव खणकन वाजला. दुसराही. वीतभर खड्डा झाला तरी तोच आवाज. देसायांनी माझ्याकडे बघितलं. मी जमिनीकडे बघितलं. मला त्या क्षणी खाली कातळ नको होता, आणि खाणही नको होती.

सातव्या की आठव्या घावाला आवाज आला नाही. पहार सरळ आत गेली, शिवाचा तोल गेला, आणि पहारीचं टोक तेवढं हातभर वर राहिलं. त्याने ती हलवून पाहिली. कणगीतल्या भातात काठी हलावी तशी हलली. बाजूचं कवच फोडल्यावर आत चिऱ्यांचा सुटा भुगा निघाला, मूठभर घेतला तर बोटांतून गळणारा. उन्हापावसात वर घट्ट जमलेलं ते वीत-दीड वीत कवचच मी टाचेने ठोकून पाहिलं होतं.

"हयंच म्हणलं ना," रावजी म्हणाले. "मला आधी कुनी इचारलाच नाय."

देसाई खड्ड्यापाशी वाकले. मग मला बाजूला घेऊन हलक्या आवाजात म्हणाले, "काका, वहीत वाऱ्यामुळे थांबवलं असं लिहा. मुंबईच्या ऑफिसला कळलं तर तुम्हीही जाल, मीही जाईन. क्रेन दोन दिवस ठेवून घेतो, जागा बदलू."

मी वही उचलली. पानाला नारळाचं पाणी लागलं होतं. जुन्या ओळीवर काट मारली आणि खाली लिहिलं: दोन जागा तपासल्या होत्या, चार लिहिल्या, चूक माझी. त्याखाली सही केली. देसायांनी वाचलं आणि ते केबिनकडे गेले.

शिवा मात्र तिथेच होता. "साहेब," तो म्हणाला, "चार लिहिलंत तेव्हा वर रामा असणार ते ठाऊक होतं?"

त्या दिवशीच्या कागदावर कुणी कुठे थांबायचं ते मीच मांडलं होतं. नावासकट.

"होतं," मी म्हणालो.

त्याने मान हलवली. रागावला असता तर बरं झालं असतं. पहार ओढून काढून तो चौथ्या पायाच्या जागेकडे निघाला आणि थोडं पुढे जाऊन थांबला. "येताय ना? हा पण बघायचाय."

मी वही वाळूच्या ढिगावर ठेवली आणि घमेलं उचललं.