डाव्या बाजूचा ब्रेक

कामोठ्यात आमचं राजेश्वरी मोटार ट्रेनिंग स्कूल आहे. नाव सासूबाईंचं, त्या आयुष्यात कधी गाडीत पुढच्या सीटवर बसल्या नाहीत. शिकवते मी, चौदा वर्षं झाली. एवढ्या काळात भाजीवाले, बँकवाले, दोन कीर्तनकार आणि एक ज्योतिषी मी रस्त्यावर आणले आहेत. त्यामुळे एका सकाळी सहा वाजता मास्क आणि टोपी घालून रणजीत सर दारात उभे राहिले, तेव्हा मी आधी फॉर्म पुढे केला.

रणजीत म्हणजे सिनेमातले रणजीत. एका पिक्चरमध्ये ते रेसर झाले होते. त्या जोरावर एका रेसिंग टीमने आता त्यांना खरोखरच करारावर घेतलं होतं. पनवेलच्या पुढे तात्पुरता ट्रॅक बांधून महिन्याभराने शर्यत होणार होती. पोस्टरं लागली होती, पेपरात फोटो आले होते. अडचण एकच होती. सरांना गाडी येत नव्हती.

“लायसन्स आहे,” ते म्हणाले. “घरी आणून दिलं होतं.”

“टीमला माहीत आहे?”

“त्यांनी पिक्चर पाहिलाय.”

मी फॉर्मवर सही घेतली. दुसऱ्या दिवसापासून आम्ही कळंबोलीच्या लोखंड बाजारामागच्या रुंद रस्त्यावर जाऊ लागलो. त्या वेळी तिथे ट्रेलर रांगेने उभे असतात आणि ड्रायव्हर दात घासत असतात. सिनेमावाल्यांपैकी कोणी तिकडे फिरकत नाही.

आता एक गोष्ट सांगायला हवी. ट्रेनिंगच्या गाडीत डाव्या बाजूला, शिकवणाऱ्याच्या पायाशीही एक ब्रेक असतो. मी तो दाबला की शिकणाऱ्याच्या पायाखालचं पेडल आपोआप खाली जातं, आणि त्याला वाटतं आपणच दाबलं. चौथ्या दिवशी मी पाय काढून घेते. मग तो घाबरतो, माझी बोलणी खातो आणि शिकतो. ज्योतिषीबुवा रडले होते.

सरांच्या वेळी मी पाय काढला नाही. पहिल्याच वळणावर गाडी अलगद थांबली आणि ते वर्गात पहिला नंबर आल्यासारखे हसले. “टायमिंग आहे मॅडम! ॲक्टिंगवाल्याला टायमिंग शिकवावं लागत नाही.” मी म्हटलं, हो सर. चौथा दिवस गेला, दहावा गेला. “तुमच्या गाडीचा ब्रेक म्हणजे लोणी,” असंही ते म्हणाले. तेव्हाही मी हो सर म्हटलं. लपवून काय उपयोग, एवढा मोठा माणूस शेजारी बसून खूश होतोय म्हटल्यावर मीही भुलले होते.

पंधराव्या दिवशी चहाच्या टपरीवर त्यांनी मास्क खाली केला.

“तीस वर्षं गाडी डुप्लिकेटने चालवली आणि शिट्ट्या मला पडल्या,” ते म्हणाले. “एकदाच मॅडम, सुरुवातीपासून शेवटपर्यंत मी स्वतः चालवणार. नंबर कितवा का येईना.”

मी चहाचा ग्लास खाली ठेवला. पंधरा दिवस मी दुसरं काय करत होते? माझीच मला लाज वाटली.

दुसऱ्या दिवशी सकाळी, समोर बऱ्याच लांब लोखंडी कॉईल लादलेला ट्रेलर उभा असताना, मी दोन्ही पाय वर घेऊन सीटवर मांडी घातली आणि हात हँडब्रेकवर ठेवला. सरांनी नेहमीसारखा पेडलवर नुसता पाय टेकवला. गाडी चालतच राहिली. मग मात्र त्यांनी जीव खाऊन पेडल दाबलं. गाडी थांबली तेव्हा ट्रेलर हातभर उरला होता. दात घासणारा ड्रायव्हर चूळ भरून म्हणाला, “अरे काका, शिकून तरी या!”

“ब्रेक गेला,” सर म्हणाले.

“ब्रेक आहे, सर. माझा पाय नव्हता.”

त्यांनी वाकून माझ्या बाजूला पाहिलं. ते पेडल त्यांना पहिल्यांदाच दिसत होतं.

“कधीपासून?”

“पहिल्या दिवसापासून. माझीच चूक.”

“म्हणजे इथेही डुप्लिकेट.” एवढंच बोलून ते उतरले आणि रिक्षा करून गेले.

तीन दिवस आले नाहीत. मला फार वाईट वाटलं. घरात भांडी आपटली, सासूबाईंनी कारण विचारलं तर त्यांच्यावरही खेकसले. चौथ्या दिवशी सहा वाजता सर हजर. मास्क नाही, टोपी नाही. सीटबेल्ट लावून म्हणाले, “मांडी घाला, मॅडम.”

शर्यतीपर्यंत मी मांडीच घातली. तेवढ्या दिवसांत एक कचरापेटी, एक बॅरिकेड आणि आमचा पुढचा बंपर कामी आला. मी मात्र पाय खाली सोडला नाही. तोंड सोडलं होतं.

शर्यतीत दहा गाड्या होत्या. सर दहावे आले. नववा गेल्यावर लोक उठायला लागले, काही जण मोठ्याने हसत होते. निवेदक त्यांच्या जुन्या पिक्चरबद्दल बोलत वेळ काढत होता. जाळीमागच्या पायरीवर बसलेली मी जागची हलले नाही. प्रत्येक वळणाच्या पार अलीकडे त्यांच्या गाडीचे मागचे लाल दिवे लागायचे, आणि दर वेळी माझा पाय खालच्या सिमेंटवर दाबला जायचा. काही उपयोग नव्हता. सगळे ब्रेक त्यांचेच होते.

गाडी लावून ते उतरले. कॅमेरेवाले नवव्या नंबरपर्यंतच थांबले होते. सर जाळीपाशी माझ्याकडे लंगडत आले आणि अगदी गंभीरपणे म्हणाले,

“उजवा पाय फार दुखतोय, मॅडम.”

“दुखणारच,” मी म्हटलं, आणि मला रडू आलं.