पूजेसाठी बंद केलेला सर्व्हर

बेंगळुरात कानावर मराठी पडली की मी पाघळतो. मी बसवंत, निपाणीचा. मल्लेश्वरममधल्या एका स्कॅन सेंटरचे कॉम्प्युटर सांभाळतो. एकाच सर्व्हरच्या पोटात सात कॉम्प्युटर चालवणारं सॉफ्टवेअर घ्यायचं होतं. प्रणीत नावाचा कुणी फोनवर म्हणाला, "निपाणीचे का? मग आपलेच की!" आणि मी गाढवासारखं त्याच्याकडून स्वस्तातली लायसन्स-की घेतली. पावतीसुद्धा मागितली नाही.

दसऱ्याच्या चार दिवस आधी स्क्रीनवर सूचना आली: लायसन्स-की रद्द. चालू आहे ते चालेल, पण एकदा बंद केलं की पुन्हा सुरू होणार नाही. प्रणीतचा फोन लागेना. सॉफ्टवेअरच्या कंपनीला फोन केला, तर पहिलाच प्रश्न, लायसन्स कोणाच्या नावावर? मी फोन ठेवला. डॉक्टर हेमलता, म्हणजे आमच्या मालकीणबाई, त्यांना सांगायची हिंमत झाली नाही. झाकली मूठ सव्वा लाखाची! सर्व्हरला हात लावू नका, एवढं मात्र सगळ्यांना बजावलं.

आयुधपूजेच्या, म्हणजे आपल्या खंडेनवमीच्या, सकाळी फुलं घेऊन आलो, तर स्कॅन काढणारे मंजुनाथ सर्व्हर पुसून, त्याला कुंकू लावून उभे.

"बंद केलात?" माझा आवाज चिरकला.

"पूजेला यंत्र चालू ठेवतात का, अण्णा? हात लावू नका म्हणालात ते कामासाठी. देवासाठी थोडंच?"

मी बटण दाबलं. पंखे फिरले, दिवे लागले. सातांपैकी एकही उठला नाही. बॅकअपही त्यातल्याच एकात ठेवलेला, ही माझी अक्कल.

बाहेर बाकावर चिकोडीच्या विठाबाई बसल्या होत्या. शनिवारी त्यांच्या डोक्यातल्या गाठीचं ऑपरेशन होतं. सर्जनना गेल्या वर्षीचा स्कॅन हवा होता. घरची फिल्म हरवलेली. उरलेला एकमेव स्कॅन त्या सर्व्हरमध्ये.

मी हेमलताबाईंना सगळं सांगितलं. त्या ओरडल्या नाहीत, त्याचीच जास्त भीती वाटली. नवीन लायसन्स सुट्ट्या संपल्यावर, सोमवारी मिळणार होतं. त्यांनी सर्जनना फोन लावला. जुना स्कॅन पाहिल्याशिवाय ते हात घालणार नव्हते, आणि रविवारी ते तीन आठवड्यांसाठी परदेशी जाणार होते.

"सरी, ठीक आहे," फोन ठेवून त्या म्हणाल्या. "आता बाहेर जाऊन तूच सांग."

विठाबाईंनी सगळं ऐकून घेतलं. मग पदराने तोंड पुसत विचारलं,

"तीन आठवडं गाठ थांबंल काय रं, बाळा?"